आळकरी

दत्तारामभाऊ कशाकशाला भीत नसत याची यादी करायला घेतली, तर ती एका ओळीत संपेल. समुद्राला भीत नसत आणि सापाला भीत नसत. बाकी सगळ्याला भीत. कुत्र्याला, विजेला, लिफ्टला, स्पिरिटच्या बाटलीला, प्राचार्यांच्या खोलीला आणि माझ्या आवाजाला. माझा आवाज मुळात चढा आहे. मी कोल्हापूरकडची, आमच्याकडे दोघी बहिणी गोडीगुलाबीनं बोलत बसल्या तरी शेजारीपाजारी भांडण सोडवायला येतात. रत्नागिरीच्या कॉलेजात रसायनशास्त्र शिकवायला लागले, त्या पहिल्याच दिवशी प्रयोगशाळेच्या दारात उभं राहून मी विचारलं, "इथले बर्नर कुणी हलवले?" तर आतल्या कपाटामागून खाकी कपड्यातला एक हडकुळा माणूस हात जोडून बाहेर आला.

"मी, मॅडम."

"कुठं ठेवलेत?"

"ते म्हायत नाय. पण मीच असणार."

बर्नर दुरुस्तीला गेले होते आणि ते माझ्या आधीच्या सरांनी पाठवले होते, हे मला दुपारी कळलं. हा माणूस म्हणजे आमच्या प्रयोगशाळेचा परिचर, दत्ताराम. कॉलेजात लहानथोर सगळे त्यांना अरे-तुरे करत. मी महिन्याभरात दत्तारामभाऊ म्हणायला लागले, कारण ते माझ्याहून चांगले पंधरा वर्षांनी मोठे होते, आणि दुसरं म्हणजे मी शिकवायला उभी राहिले की टेबलावर लागणारी वस्तू मागायच्या आधी तिथं आलेली असे.

भीतीचं त्यांनी एक शास्त्रच करून टाकलं होतं. बर्नर पेटवायला त्यांनी हातभर लांबीची बांबूची कामटी तासून ठेवली होती. तिच्या टोकाला काडी बांधायची, ती पेटवायची, तोंड खिडकीकडे करायचं आणि अंदाजानं कामटी बर्नरजवळ न्यायची. मुलं हसत. पण बारा वर्षांत आमच्या प्रयोगशाळेत एकदाही काही भडकलं नाही, आणि शेजारच्या फिजिक्सवाल्यांचा पडदा दोनदा जळला. सल्फ्युरिक ॲसिडचं ते नाव घेत नसत, 'मोठे मालक' म्हणत. "आज मोठ्या मालकांना हलवायला नको, मॅडम, उकडा फार हाय." आकाशात गडगडलं की बाटल्यांच्या कपाटाला पाठ लावून, हात पसरून उभे राहत, म्हणजे बाटल्या धडपडल्या तर आधी त्यांच्या अंगावर याव्यात. भ्यालेला माणूस असा का उभा राहील, हे त्या वेळी माझ्या डोक्यात आलं नाही. मला ते ध्यान वाटायचं आणि मी हसायचे.

"एवढं काय भ्यायचं, भाऊ?" मी एकदा विचारलं.

"भ्यालेला माणूस सांजचा घरी येतो, मॅडम," ते म्हणाले. "शूर माणसाचा फोटो येतो."

पण त्यांची खरी खोड म्हणजे ते 'मी'. प्रयोगशाळेत काही फुटलं, सांडलं, हरवलं आणि कुणी फोडलं म्हणून विचारलं, की पहिलं उत्तर दत्तारामभाऊंचं. मुलांना हे पक्कं माहीत होतं. ब्युरेट फोडायची, दोन पावलं मागं सरायचं आणि छताकडे बघत उभं राहायचं. दत्तारामभाऊ पुढं येऊन "मी" म्हणणार, मी चिडणार, ते मान खाली घालून काचा गोळा करणार. एकदा एका मुलाच्या हातून फ्लास्क पडताना मी स्वतः बघितला. तरी "कुणी?" म्हटल्यावर भाऊंचं आपलं "मी, मॅडम". त्या दिवशी मी त्यांना सगळ्यांसमोर फैलावर घेतलं. खोटं बोलता म्हटलं, मुलांना बिघडवता म्हटलं. ते इतके घाबरले की हातातलं फडकं पिळायला लागले, आणि फडकं कोरडं होतं. मुलं गेल्यावर म्हणाले, "कुणीतरी म्हणायला लागतं, मॅडम. नायतर ते वर लोंबकळत राहतं. मग कुणाच्याही डोक्यावर पडतं."

मला वाटलं, म्हातारपणाचं खूळ असेल. तेव्हा ते पंचावन्नचे होते.

त्याचा उलगडा झाला तो त्यांच्या गावी. गणपतीला या, गणपतीला या, असं दर वर्षी म्हणत, म्हणून एकदा मी ऋषिपंचमीच्या सकाळी आडबंदरला गेले. रत्नागिरीहून एसटीनं तासभर, मग सड्यावरून, म्हणजे उघड्या माळरानावरून, पायवाट. खाली खाडीच्या तोंडाशी तीस-पस्तीस घरं, वर उघडा काळा कातळ. मी पोचले तेव्हा त्यांच्या अंगणात सगळी वाडी जमली होती. मध्ये दत्तारामभाऊ, समोर सूप, सुपात एक चमचा, एक कंगवा, पेन्सिलीचा तुकडा, दाराची कडी आणि लहान मुलाचं एक पायातलं वाळं. वाडीतला सगळ्यात वयस्कर बुवा एकेक वस्तू उचलून विचारत होता.

"आमचा चमचा कुणी नेला?"

"मी."

"कंगवा कुणी नेला?"

"मी."

असं पाच वेळा. प्रत्येक 'मी'ला बायका तोंडाला पदर लावत होत्या. मग वस्तू ज्याच्या त्याला परत गेल्या, भाऊंच्या हातात नारळ पडला आणि सगळे एकदम मोठ्यानं बोलायला लागले, दडपण उतरल्यावर बोलतात तसे.

चवथीचा चंद्र बघितला की चोरीचा आळ येतो, हे आपल्याकडे कुणाला सांगायला नको. आडबंदरचं म्हणणं त्याच्या पुढचं आहे. आळ त्या दिवशी सुटतोच, कुणी बघो न बघो. मग तो ज्याच्या त्याच्या डोक्यावर पडत बसण्यापेक्षा एकानं ठरवून अंगावर घ्यावा. असा घेणारा तो आळकरी. हा मान भाऊंच्या घराण्याकडे होता. चवथीच्या आधी आळकऱ्यानं पाच घरांतून पाच बारीकसारीक वस्तू चोरायच्या, घरच्यांनी बघून न बघितल्यासारखं करायचं. चवथीला दिवस मावळला की वाडीनं पश्चिमेची दारं-खिडक्या लावून आत बसायचं. आळकऱ्यानं उपाशीपोटी, ते सूप घेऊन एकट्यानं कातळावर जायचं, चंद्राकडे बघायचं आणि वाडीला ऐकू जाईल असं म्हणायचं, "बघितला. घेतला." चंद्र मावळेपर्यंत हलायचं नाही. सकाळी पाच चोऱ्या कबूल करायच्या, की वर्षाचा आळ फिटला.

हे सगळं मला सुलोचनावहिनींनी, म्हणजे भाऊंच्या बायकोनं, मोदक वाढता वाढता सांगितलं. "सासऱ्यांनंतर ह्यांच्याकडं आलं. तेवा एकोणीस वर्षांचे होते. सासरे वाघ होते हो. ह्यांना तर सकाळपास्नं पाणी घोटवत नाय त्या दिवशी."

मी काय गप्प बसणार. जेवणं झाल्यावर दत्तारामभाऊंना पुढ्यात बसवून मी व्याख्यान दिलं. चंद्र म्हणजे एक दगड आहे, त्याला स्वतःचा उजेडसुद्धा नाही, तो कुणावर कसले आळ टाकणार, वगैरे. ते सगळं मान डोलावत ऐकून घेत होते.

"दगडच लागतो, मॅडम," शेवटी म्हणाले.

आता माझ्यावर येते. हे लिहायला मी इतकी वर्षं टाळाटाळ केली ती ह्या भागासाठी.

आमच्या प्रयोगशाळेत एक प्लॅटिनमची मूस होती. कॉलेज नवं होतं तेव्हा कुणा दानशूर माणसानं दिलेली, आवळ्याएवढी, मखमलीच्या डबीत, कुलपात. कुलपाच्या दोन किल्ल्या, एक माझ्याकडे आणि एक भाऊंची, प्रयोगशाळेतच कपाटामागच्या खिळ्याला टांगलेली. प्लॅटिनमला आगीचं काही होत नाही, पण शिशाशी त्याचं वैर आहे. शिसं असलेलं काहीही त्यात तापवलं की भोक पडतं. हे मी बारा वर्षं प्रत्येक वर्गाला बजावत आले होते.

मी आडबंदरला जाऊन आले त्याच्या पुढच्या वर्षी रेश्मा नावाची एक मुलगी माझ्याकडे प्रकल्प करत होती. मिरकरवाड्यातली, वडील जाळी विणायचे, घरात कॉलेजला आलेली पहिलीच. बोटींच्या बुडाला लावतात त्या रंगाचे खरवडलेले पोपडे तिनं आणले होते. एका पावसाळी संध्याकाळी, ती घरी गेल्यावर, मला घाई झाली. चिनी मातीच्या मुशा सगळ्या वापरात होत्या. मी कुलूप उघडून प्लॅटिनमची काढली, त्यात ते पोपडे टाकले आणि भट्टीत ठेवली. जुन्या बोटींच्या रंगात शेंदूर असतो आणि शेंदूर म्हणजे शिसं. मला ते माहीत होतं. पण त्या वेळी डोक्यात आलं नाही.

भट्टी उघडली तेव्हा मुशीच्या बुडाला मोहरीएवढं भोक पडलेलं होतं.

मी ती गाळणकागदात गुंडाळून पर्समध्ये टाकली. सकाळी प्राचार्यांना सांगायचं, असं ठरवलं होतं, अगदी प्रामाणिकपणे. सकाळी ते कुणावर तरी ओरडत होते, म्हणून म्हटलं उद्या. उद्या रविवार होता. सोमवारी मला वाटलं, आता विचारतील की परवाच का नाही सांगितलं. असे तीन आठवडे गेले. नोकरी जाण्याची भीती मला नव्हती. बारा वर्षं ज्या चुकीवर मुलांना हसत आले ती माझ्याच हातून झाली, हे स्टाफरूमला कळेल, ह्याची होती. पुढं पुढं तर कसली भीती तेही कळेना. शिपाई दाराशी आला की माझा हात पर्सवर जायचा. पर्स मी बाथरूमलासुद्धा बरोबर न्यायला लागले.

मग बाहेरची एक समिती तपासणीला येणार म्हणून सामानाची मोजदाद निघाली. डबी उघडली आणि आत नुसती मखमल. प्राचार्य प्रयोगशाळेत आले. मी, भाऊ, दोन डेमॉन्स्ट्रेटर आणि रेश्मा, एवढी माणसं होती.

"शेवटी इथं कोण काम करत होतं?" प्राचार्यांनी विचारलं, आणि सगळ्यांच्या माना आपसूक रेश्माकडे वळल्या. तीन आठवडे प्रयोगशाळा बंद होईपर्यंत थांबायची ती तीच. पोरगी पांढरी पडली.

मी तोंड उघडलं होतं. खरंच उघडलं होतं. पण आवाज आला तो दत्तारामभाऊंचा.

"मी नेली, सर."

"तू? कुठं आहे?"

"ते नाय सांगता येत."

प्राचार्य वाईट माणूस नव्हते. त्यांनी चार वेळा विचारलं. चारही वेळा उत्तर तेच होतं. शेवटी ठरलं ते असं: चौकशी होईपर्यंत भाऊंनी कामावर यायचं नाही, गणपतीच्या सुट्टीनंतर कॉलेज उघडेल त्या दिवशी दहा वाजता हजर व्हायचं, तोवर मूस आली नाही तर प्रकरण पोलिसांकडे. त्यांच्या निवृत्तीला सात महिने उरले होते.

मी गप्प राहिले. मला तेव्हा सुटल्यासारखंसुद्धा वाटलं, हे लिहिलंच पाहिजे. ते संध्याकाळपर्यंत टिकलं. नंतर जी भीती बसली तिच्यापुढं आधीचे तीन आठवडे म्हणजे काहीच नव्हते. आधी मी पकडली जाण्याला भीत होते. आता मी पकडली जाणार नव्हते, आणि त्याचंच भय वाटत होतं. झोप नाही, जेवण नाही. पोलिसांची गाडी रस्त्यावरून गेली की मी खिडकीशी जाऊन ती आडबंदरच्या बाजूला वळते का ते बघायची.

चार दिवसांनी मला युक्ती सुचली, आणि ती मला त्या वेळी चांगली वाटली. मूस नेऊन भाऊंना द्यायची. त्यांनी ती परत करायची. परत आली की पोलीस येणार नाहीत, बोलणी खावी लागतील तेवढीच, आणि बोलणी तर ते रोज खातात.

चवथ होती त्या दिवशी. एसटी रिकामी होती. सड्यावरून उतरताना दिवस मावळला. आडबंदरात पाऊल ठेवलं तर सगळी घरं बंद. आतून आरत्यांचे आवाज येत होते, झांजा वाजत होत्या, पण रस्त्यावर माणूस नाही, ओटीवर माणूस नाही, एकाही पश्चिमेच्या खिडकीला फट नाही. आपण आलोय आणि त्यामुळंच ही दारं लागली आहेत, असं काहीतरी मला वाटायला लागलं. दत्तारामभाऊंचं दार वाजवलं तर वहिनींनी फटीतून हात बाहेर काढून मला आत ओढायला बघितलं.

"मॅडम, ह्या वक्ताला भायेर काय फिरता. आत या आदी."

"भाऊ कुठंत?"

"कातळावर. तिकडं कोण जात नाय आता."

मी गेले. टॉर्च होता, पण लावायचा धीर झाला नाही. कातळ ओला होता, चपला सरकत होत्या. आकाश ढगांनी भरलेलं, पश्चिमेला एके ठिकाणी ढग आतून उजळ दिसत होता. त्याच्याकडे बघायचं नाही म्हणून मी खाली बघत चालत होते. माझं मलाच आश्चर्य वाटलं, पण मान काही वर होईना.

दत्तारामभाऊ कातळाच्या टोकाला उभे होते, दोन्ही हातांत सूप. माझी चाहूल लागली तशी त्यांच्या तोंडून एक बारीक आवाज निघाला.

"मी आहे, भाऊ."

"मॅडम? हितं कशाला आलात? तोंड फिरवा तिकडं. जावा खाली."

मी पर्समधून पुडी काढून त्यांच्या हातात दिली. त्यांनी बोटांनी चाचपली आणि ओळखली. इतकी वर्षं तीच बोटं ती मूस पुसत होती.

"बुडाला भोक पडलंय," मी म्हटलं. "त्या रंगात शिसं होतं. माझ्या हातून झालं. रेश्माचा काही संबंध नाही."

ते खाली बसले. मला वाटलं, आता बोलतील, आता शिव्या देतील. दिल्या असत्या तर बरं झालं असतं.

"तुमी होता काय," शेवटी ते म्हणाले, आणि त्यांनी मोठा श्वास सोडला. "बरं झालं. मना वाटलं त्या पोरीनंच नेली. रोज तिचा बाप डोळ्यांसमोर येत होता."

"भाऊ, ही सुट्टीनंतर परत करा. नेली होती, चूक झाली म्हणा. परत आली की पोलिसांत देणार नाहीत." हे मी बोलले. माझ्या ह्या चढ्या आवाजात बोलले.

"बरं," दत्तारामभाऊ म्हणाले आणि पुडी सुपात ठेवली.

तेवढ्यात ढग सरकला. कातळावर उजेड आला, मंद, पण सुपातला चमचा दिसण्याइतका. भाऊ उठले. सुपातल्या वस्तू एकमेकींवर वाजत होत्या. "फिरवा तोंड," ते पुन्हा म्हणाले. मी फिरवलं नाही. चंद्राकडेही नाही बघितलं. मी त्यांच्याकडे बघत राहिले. त्यांनी पश्चिमेला तोंड केलं, छाती भरून घेतली, आणि त्यांचे डोळे घट्ट मिटलेले होते.

"भाऊ, तुम्ही डोळे मिटलेत."

त्यांनी सूप खाली ठेवलं. मग जे सांगितलं ते त्यांनी बायकोलाही सांगितलेलं नव्हतं.

"एकदाच बघितला मी. पैल्या वर्षी. दिवाळीनंतर मुंबयला गेलो, दुकानात कामाला. मालकाचं घड्याळ गेलं. मना दोन दिवस मालाच्या खोलीत कोंडला. पाणी दिला नाय. मारला तो येगळाच. तिसऱ्या दिवशी घड्याळ त्याच्या भाच्याकडं मिळाला. मना सांगतो, जा आता. बापूस बघायचा दर वर्षी आणि छाती काढून घरी यायचा. मना जमला नाय. तवापासनं दर वर्षी येतो, डोळे मिटतो नि वरडतो. अडतीस वर्षं झाली. वाडीला वाटतं मी घेतो. मी काय पण घेत नाय, मॅडम. आळ सुटतो नि पडतो कुणाच्या तरी डोक्यावर. म्हणून मग दिसेल तिथं मी म्हणतो. फुटलं, मी. हरवलं, मी. तेवढा तरी कमी होईल."

चंद्र दगड आहे, असं पुन्हा सांगायची माझी हिंमत नव्हती.

"पण ह्यो खरा हाय," सुपातल्या पुडीकडे बघत ते म्हणाले. "ह्याला डोळे मिटून नाय चालायचा."

त्यांनी धोतराला हात पुसले, सूप उचललं, परत पश्चिमेला तोंड केलं. आणि डोळे उघडले. एखादा माणूस एवढा भ्यालेला मी त्याआधी बघितला नव्हता, त्यानंतरही नाही. मान हलत होती, हनुवटी हलत होती, डोळ्यांतून पाणी गळत होतं, पण डोळे उघडे होते. पहिल्यांदा आवाजच फुटला नाही. दुसऱ्यांदा फुटला.

"बघितला. घेतला."

खाली वाडीत कुणीतरी झांज वाजवून पोच दिली.

आणि मग मी भ्याले. कळ उठावी तशी भीती उठली. चंद्राची नाही. हा माणूस आता हे खरोखर घेणार, चौकशीला जाणार, चोर म्हणून परत येणार, वाडीत चोर म्हणून मरणार. मी घरी जाऊन जेवणार, झोपणार, वर्गात मुलांना शिशाबद्दल बजावणार. आणि हे सगळं मला जमेल. जमेल, हेच भयंकर होतं.

चंद्र मावळेपर्यंत आम्ही दोघं तिथंच बसून राहिलो. मग काळोखात एकमेकांना धरून उतरलो. त्यांच्या ओटीची पायरी आली तशी मी सुपात हात घालून पुडी काढून घेतली.

"सुपातला काडत नाय, मॅडम."

"सुपात वस्तू किती असतात, भाऊ?"

"पाच."

"पाच मोजा. ही सहावी आहे."

त्यांनी अंधारात बोटांनी मोजल्या. दोनदा मोजल्या. "सहावी नसते, ते खरं," शेवटी पुटपुटले. त्या रात्री मी वहिनींजवळ झोपले, पुडी उशाखाली घेऊन.

पुढचं थोडक्यात सांगते. माझं विभागप्रमुखपद गेलं, एक लेखी समज मिळाली, आणि स्टाफरूममध्ये मी आले की ते वर्ष संपेपर्यंत बोलणं थांबत असे. ते सहन होतं. पुढच्या जूनमध्ये मी कोल्हापूरला परत आले. दत्तारामभाऊ मार्चमध्ये रीतसर निवृत्त झाले. त्यांच्या निरोप समारंभाला मी हजर होते, पण गर्दीत ते मला धड दिसलेही नाहीत. दोन वर्षांपूर्वी ते गेल्याचं वहिनींनी फोनवर कळवलं. शेवटच्या आजारात डॉक्टरांच्या सुईला फार भ्यायचे, म्हणाल्या.

मला ते आठवतात ते सुट्टीनंतर कॉलेज उघडलं त्या सकाळचे. मी पावणेदहाला प्राचार्यांच्या खोलीपाशी पोचले, तर ते आधीच येऊन बाकाच्या अगदी कडेला बसलेले. इस्त्रीचे खाकी कपडे, गळ्याशी बटण लावलेलं. माझ्या हातात पुडी बघितली आणि ते ताडकन उठले.

"नको, मॅडम," ते हळूच म्हणाले. "माजी सवय हाय. तुमाला नाय झेपायचा."

त्यांचं म्हणणं बरोबर असण्याची शक्यता होती. दार वाजवलं. आत गेले. प्राचार्यांनी चष्म्यावरून बघितलं आणि म्हणाले, "दार लावून घ्या." त्या खोलीचं दार स्प्रिंगचं होतं, आपोआप लागायचं. माझ्यामागं ते लागलं नाही. वळून बघितलं तर खालच्या फटीत दत्तारामभाऊंनी आपल्या चपलेचं टोक घालून ठेवलं होतं, आणि ते थरथरत होतं.